साथ करणाऱ्याचं चरित्र

साखरशेतला भात झोडून झाला, की एखाद्या रात्री तारपा वाजतो. वाळवलेला भोपळा, त्यात मेणानं बसवलेल्या बांबूच्या दोन नळ्या, पुढे ताडाच्या पानांचा कर्णा. तारपकरी मध्ये असतो आणि बायापुरुष एकमेकांच्या कमरेला हात घालून त्याच्याभोवती फिरत राहतात. पाहुण्याची नजर तारपकऱ्यावरच खिळते, आणि ते साहजिक आहे. माझंही तसंच झालं होतं. पण इथे राहायला आल्यावर हळूहळू मला दुसरा एक माणूस दिसायला लागला. साखळीच्या टोकाशी असलेला, घुंगरं बांधलेली काठी जमिनीवर आपटणारा. त्याच्याकडे सूर नाही, शब्द नाहीत. तारप्याची चाल बदलायच्या आत त्याला ते कळलेलं असतं आणि त्याच्या ठोक्यावर पन्नास पावलं वळतात. एकदा तो पाणी प्यायला बाजूला झाला. तारपा तसाच वाजत होता, तरी रांग चार पावलांत विस्कटली.

हे पुस्तक त्रिलोक गुर्टू या ड्रमवादकाचं चरित्र आहे. त्याची प्रस्तावना लिहायला बसलो आणि आधी ती काठीच आठवली.

जॅझ म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर ट्रम्पेट येतो, सॅक्सोफोन येतो. मागे बसलेला ड्रमवाला म्हणजे ठेका धरणारा, एवढीच त्याची ओळख. तबलजीची तरी कुठे निराळी होती? मराठीत गायकीवर भरभरून लिहिलं गेलं. वामनराव देशपांड्यांच्या ‘घरंदाज गायकी’नं दोन पिढ्यांना गाणं कसं ऐकावं ते शिकवलं. तबल्यावर अरविंद मुळगावकरांचा मोठा ग्रंथ आहे. पण साथीला बसणाऱ्या माणसाचं आयुष्य, त्याचा कान, त्याची घडण यांवर लिहिलेलं शोधायला गेलं तर हाताला फार थोडं लागतं. हे अन्यायाचं आहे, कारण साथीची गोडी महाराष्ट्राला फार आधी लागलेली आहे. गंधर्व नाटक मंडळीत अहमदजान थिरकवाँ बालगंधर्वांच्या साथीला बसत. पदाच्या मध्ये त्यांनी सोडलेल्या जागा आणि भरलेल्या जागा यांच्या आठवणी रसिकांनी पदांइतक्याच जपल्या. दुसरा आता काय म्हणणार हे ओळखायचं, त्याला वाट करून द्यायची आणि वाट करून देता देता स्वतःचंही काही म्हणायचं, अशी ही साथ. गुर्टूंच्या सगळ्या कारकिर्दीचं मर्म मला या एका शब्दात सापडतं. त्यांना ‘फ्यूजन’वाले म्हणून बाजूला ठेवणाऱ्यांनी हा शब्द लावून त्यांचं वादन पुन्हा ऐकावं, अशी माझी विनंती आहे.

जॅझमध्ये नवख्या असलेल्या वाचकासाठी ड्रमची गोष्ट थोडी मागून सांगायला हवी. ड्रमचा संच हे वाद्य वयानं आपल्या बाजाच्या पेटीपेक्षाही लहान आहे. न्यू ऑर्लिन्सच्या रस्त्यावरून मिरवणुका निघत तेव्हा मोठा ढोल एकाच्या गळ्यात, लहान ताशासारखा स्नेअर दुसऱ्याच्या, झांजा तिसऱ्याच्या हातात. ढोल पायानं वाजवायचं पेडल आलं, 1909 च्या सुमारास लुडविग कंपनीनं ते चांगलं सुधारून बाजारात आणलं, आणि तिघांचं काम एका माणसानं बसून करायची सोय झाली. म्हणजे हे वाद्य मुळातच अनेकांची साथ एका देहात आणण्यातून जन्मलं. त्यामागची लय मात्र जुनी होती. त्याच शहरातल्या काँगो स्क्वेअरमध्ये गुलाम आफ्रिकन माणसं रविवारी जमत, वाजवत आणि नाचत, तिथून ती झिरपत आली होती. बेबी डॉड्स हा त्या शहराचा पहिला मोठा ड्रमवादक. पुढे तीसच्या दशकात स्विंगचा जमाना आला. चिक वेब, जीन क्रुपा आणि काउंट बेसीच्या बँडमधला जो जोन्स यांच्या हातांवर नाचघरं थिरकली.

खरा पालट चाळीसच्या दशकात ‘बीबॉप’ या नव्या शैलीच्या वादकांनी केला आणि तो नीट समजून घेतला तर पुढचं सगळं सोपं होतं. तोवर ड्रमवादक पायानं ढोलावर चारही मात्रा ठोकत असे. केनी क्लार्कनं ती जबाबदारी उजव्या हाताकडे, वर टांगलेल्या मोठ्या झांजेकडे दिली. ठेका झांजेवर सरकला, हलका झाला, आणि डावा हात नि पाय मोकळे झाले. त्या मोकळ्या हातापायांनी ड्रमवादक एकल वादकाशी बोलायला लागला. मध्येच एक ठोका, मध्येच एक शांतता. तबल्याच्या भाषेत सांगायचं तर ठेका चालू ठेवून बाजूनं भरणीचे बोल टाकायला त्याला उसंत मिळाली. मॅक्स रोचनं ते बोलणं सुरेल केलं, आर्ट ब्लेकीनं त्यात गडगडाट आणला. जॉन कोल्ट्रेनच्या चौकडीत एल्विन जोन्सनं एका मात्रेचे तीन भाग करून त्यांची लाट उभी केली. टोनी विल्यम्स 1963 साली माइल्स डेव्हिसकडे आला तेव्हा सतरा वर्षांचा होता. त्यानं आवर्तन ताणून, सैल सोडून, पुन्हा आवळून दाखवलं. सनी मरेनं मात्रा मोजायचंच थांबवलं. 1971 मध्ये महाविष्णू ऑर्केस्ट्रा उभा राहिला, त्यात बिली कोबमच्या हातांत रॉकचा जोर आणि विषम मात्रांचा हिशेब एकत्र आला. घराणी म्हणावीत तर ही घराणी. दोन वादक चार-चार आवर्तनं आळीपाळीनं घेतात, त्याला ते ‘ट्रेडिंग फोर्स’ म्हणतात. आपल्या सवाल-जवाबाचं हे सख्खं भावंड आहे.

मुंबईत हे संगीत पोचायला फार काळ लागला नाही. 1935 मध्ये लिऑन ॲबीचा कृष्णवर्णीय अमेरिकी वादकांचा बँड ताजमहाल हॉटेलात वाजला. मागोमाग क्रिकेट स्मिथ, टेडी वेदरफर्ड आले. त्यांच्याबरोबर आणि त्यांच्यानंतर हॉटेलांचे मंच ज्यांनी सांभाळले ते बहुतेक गोव्याचे. चर्चमध्ये स्वरलिपी शिकलेली, पोर्तुगीज नावांची, आपल्या कोकणीभाषक शेजारातली माणसं. चिक चॉकलेट म्हणून गाजलेले अँतोनियो झेवियर वाझ, फ्रँक फर्नांड, सॅबेस्टियन डिसोझा. मुंबईत दारूबंदी आली, हॉटेलांची रात्र लवकर मिटायला लागली, आणि या मंडळींनी सिनेमाच्या स्टुडिओची वाट धरली. पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांनी, म्हणजे सी. रामचंद्रांनी, ‘अलबेला’साठी (1951) चिक चॉकलेटना हाताशी धरलं. भगवानदादांच्या ज्या गाण्यांवर आपले आजोबा गणपतीत नाचले, त्यांतला पितळी वाद्यांचा झळाळ ताजच्या नाचघरातून आलेला आहे. ड्रमच्या बाजूला पारशी कावस लॉर्ड आणि त्यांचे मुलगे केरसी नि बुर्जोर होते, पुढे लेस्ली गोदिन्हो, फ्रँको वाझ आले. यांची नावं चित्रपटांच्या श्रेयनामावलीत फारशी आली नाहीत. आपल्या कानांत मात्र ते आहेत.

अमेरिकी सरकारनं 1958 मध्ये डेव्ह ब्रुबेकच्या चौकडीला दौऱ्यावर पाठवलं. मुंबईत ब्रुबेक सतारवादक अब्दुल हलीम जाफर खाँसाहेबांबरोबर वाजवायला बसले. त्यांचा ड्रमवादक जो मोरेलो इथल्या तालवाद्यांचा हिशेब जवळून ऐकून गेला, आणि पुढच्याच वर्षी ‘टाइम आउट’ या ध्वनिमुद्रिकेतली पाच मात्रांची रचना आली. एकानं दुसऱ्याचं घेतलं, असा सरळ धागा इथे काढायचा मोह मी आवरतो. ओढ मात्र दोन्हीकडून होती, हे नक्की. 1978 मध्ये निरंजन झवेरींच्या पुढाकारानं ‘जॅझ यात्रा’ सुरू झाली, तेव्हा धोबी तलावाच्या रंगभवनात सनी रोलिन्स वाजवून गेले.

या मुंबईत 30 ऑक्टोबर 1951 ला त्रिलोक गुर्टू जन्मले. घर ठुमरीचं. आई शोभा गुर्टू, माहेरच्या भानुमती शिरोडकर, जन्म 1925, बेळगाव. आजी मेनकाबाई शिरोडकर नर्तिका आणि गायिका. बेळगावच्या मातीत वाढलेला, पूरब अंगाची ठुमरी, दादरा, कजरी मुंबईत नावारूपाला आणणारा शोभाताईंचा तो भरदार आवाज मराठी वाचकाला नव्यानं सांगायला नको. मुलानं तालाकडे वळावं याला आईचंच उत्तेजन होतं. तबल्याची तालीम शाह अब्दुल करीम यांच्याकडे झाली.

ठुमरीच्या साथीत तबलजीला काय करावं लागतं ते इथे एकदा पाहायला हवं. गायिका एकच ओळ घेऊन बसते आणि तिचे दहा अर्थ काढते. त्या सगळ्या वेळात तबलजीनं दीपचंदी किंवा जत धरून गप्प राहायचं. ती एका शब्दावर रेंगाळली तर ठेक्यानं तिला ओढायचं नाही. मग शेवटी तिनं खूण केली, की लग्गी. तोवर साठवलेलं सगळं दुप्पट-चौपट लयीत मोकळं करायचं आणि पुन्हा निमूटपणे ठेक्यावर यायचं. ज्याच्या कानावर हे लहानपणापासून रोज पडतं त्याला जॅझचा ड्रमवादक काय करतो ते परकं वाटण्याचं कारण नाही. या पुस्तकाचा सगळा भार याच जागेवर आहे, आणि मला तो पूर्ण पटतो. गुर्टू पश्चिमेकडे ‘वळले’ असं म्हणण्यात अर्थ नाही. घरातली साथ त्यांनी जास्त माणसांबरोबर करून पाहिली.

ड्रमचा संच ते ऐकून शिकले, आणि त्याबद्दल त्यांनी स्वतः सांगितलेली एक गोष्ट फार महत्त्वाची आहे. परदेशी रेकॉर्ड ऐकताना त्यांना हे ठाऊकच नव्हतं, की स्टुडिओत एकावर एक थर चढवून ध्वनिमुद्रण करता येतं. ऐकू येतंय ते सगळं एकच माणूस एका वेळी वाजवतोय असं समजून त्यांनी ते दोन हातांनी नि दोन पायांनी काढायचा खटाटोप केला. अज्ञानातून मिळालेली ही तालीम कुठल्याही शाळेत मिळाली नसती.

सत्तरच्या दशकात ते युरोपात गेले. जर्मनीच्या ‘एम्ब्रियो’ या मंडळींबरोबर वाजवलं, चार्ली मारियानो, जॉन चिकाई, तेर्ये रिपदाल यांच्याबरोबर वाजवलं, पुढे हॅम्बुर्गला घर केलं. या सगळ्यांत त्यांच्या दृष्टीनं मोठा माणूस म्हणजे ट्रम्पेटवादक डॉन चेरी. हा अमेरिकी माणूस स्वीडनमधल्या तोगार्प नावाच्या खेड्यात शाळेची जुनी इमारत घेऊन राहत होता. जगभरचे वादक तिथे येत, शिकवत, शिकत. त्याच स्वीडनमध्ये बेंग्त बेर्येर हा जॅझ ड्रमवादक होता. 1942 चा जन्म. तो भारतात येऊन इथला ताल शिकला, घानात जाऊन तिथलं अंत्यविधीचं संगीत शिकला आणि त्यातून ‘बिटर फ्युनरल बीअर’ हा संच झाला. त्यातही चेरी आहेत. स्टॉकहोमचा माणूस तबल्याकडे येत होता त्याच सुमारास मुंबईचा माणूस ड्रमकडे जात होता, आणि दोघांची वाट एकाच ट्रम्पेटवाल्याच्या दारावरून गेली. बेर्येरवरही असंच एखादं मराठी पुस्तक कुणीतरी लिहावं.

नोव्हेंबर 1984 मध्ये ‘ओरेगन’ या चौकडीचा कॉलिन वॉलकॉट पूर्व जर्मनीत मोटार अपघातात गेला. तो रविशंकरांकडे सतार आणि अल्लारखाँकडे तबला शिकलेला अमेरिकी. त्याच्या जागी गुर्टू आले. गेलेल्या साथीदाराच्या जागेवर बसणं किती अवघड असतं, ते मैफलीत वावरणाऱ्यांना ठाऊक आहे. बाकीच्या तिघांचे कान जुन्या माणसाला सरावलेले असतात. गुर्टूंनी ‘इकोटोपिया’पासून तीन संच त्यांच्याबरोबर केले. त्यानंतर गिटारवादक जॉन मॅकलॉफ्लिनची त्रयी. नोव्हेंबर 1989 मध्ये लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये मॅकलॉफ्लिन, बेस गिटारवर काय एकहार्ट आणि गुर्टू असे तिघे वाजवत होते, त्याचं ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. माझ्या मते ऐकायची सुरुवात इथूनच करावी.

त्यांची बैठक एकदा पाहिली की विसरता येत नाही. ड्रमवाल्याचं स्टूल नाही. जमिनीवर, एक गुडघा टेकून, अर्धवट मांडी घालून बसलेले. एका हाताशी तबला-डग्गा, समोर स्नेअर आणि टॉम, वर झांजा, आणि शेजारी पाण्यानं भरलेली बादली. साधी, आपल्या न्हाणीघरात असते तशी. वाजती झांज किंवा तास ते त्या पाण्यात सावकाश बुडवतात. धातू जसजसा पाण्यात उतरतो तसतसा आवाजाचा सूर घसरत जातो, वर काढला की पुन्हा चढतो. मींड म्हणजे काय, ते ज्याच्या वाद्यात मींड नाही त्या माणसानं दाखवलेलं. घरात ठुमरी ऐकून वाढल्याची ही खूण मला त्यांच्या कुठल्याही तिहाईपेक्षा जवळची वाटते.

1988 चा ‘उस्फ्रेत’ हा त्यांचा पहिला स्वतःचा संच. त्यात डॉन चेरी आहेत, राल्फ टाउनर आहेत, एल. शंकर आहेत, स्वीडनचा बेसवादक योनास हेलबोर्ग आहे आणि या सगळ्यांच्या मध्ये शोभाताई गातात. एका रचनेचं नावच ‘शोभारॉक’. मुलाच्या पहिल्या संचात आईनं पाहुणी म्हणून हजेरी लावली, असा तो मामला नाही. सगळे वादक तिच्या लयीभोवती फिरतात. 1993 च्या ‘क्रेझी सेंट्स’मध्ये जो झाविनुल आणि पॅट मेथनी यांच्या शेजारीही ती आहे. पुढचे काही आफ्रिकी वळणाचे संच मला तितके भावले नाहीत. पाहुण्यांची गर्दी झाली की गुर्टू सभ्यपणे मागे सरतात आणि मग साथ उरते, संवाद उरत नाही. चरित्रलेखिका या काळाबद्दल माझ्यापेक्षा उदार आहे. वाचकानं स्वतः ऐकून ठरवावं. 2013 च्या ‘स्पेलबाउंड’मध्ये त्यांनी ट्रम्पेटवाल्यांना, मुख्यतः चेरींना, वंदन केलं आहे. तिथे ते पुन्हा पूर्ण बहरात सापडतात. ‘डाउनबीट’ मासिकाच्या समीक्षकांनी अनेक वर्षं त्यांना तालवादकांत पहिलं स्थान दिलं. आपल्याकडच्या मराठी मासिकांनी मात्र शोभाताईंचे चिरंजीव यापुढे फारशी नोंद घेतली नाही, याची मला खंत आहे.

आज हे पुस्तक का, याचं माझं उत्तर थोडं घरगुती आहे. डिसेंबर 2024 मध्ये तबलावादक झाकीर हुसेन, आपले झाकीरभाई, गेले. त्यांनी ‘शक्ती’ या वाद्यवृंदापासून जगाच्या कानात तबला बसवला. ते गेल्यावर आपल्याला कळलं, की तालावर बोलायला आपल्याकडे शब्द कमी आहेत. ‘जादू’ म्हणून आपण थांबतो. सितारादेवींचे चिरंजीव रणजित बारोट, लुई बँक्स यांचे जिनो असे समर्थ ड्रमवादक मुंबईत आहेत. ढोल-ताशा पथकांत हजारो पोरंपोरी हात भाजेपर्यंत सराव करतात. म्हणजे कान तयार आहेत. दुसरीकडे, जव्हार-मोखाड्यात दिवाळी सरली की घरंच्या घरं वसई-भिवंडीच्या वीटभट्ट्यांवर निघून जातात. तारप्याच्या रात्री कमी होत जातात, लग्नात स्पीकरच्या भिंती उभ्या राहतात. मोखाड्याच्या बोहाड्यात मुखवटा घातलेला देव अजून संबळावरच नाचतो. वाळवंड्याच्या भिकल्या लाडक्या धिंडांना तारप्यासाठी पद्मश्री जाहीर झाली तेव्हा सगळ्या तालुक्याला हुरूप आला. पण त्यांच्या मागे काठी आपटणाऱ्याचं नाव कुणी विचारलं नाही. त्या स्पीकरमागचं यंत्र ठेका बिनचूक देतं. पण गाणारा एका शब्दावर रेंगाळला, तर त्याच्यासाठी ते थांबत नाही.

हे पुस्तक चरित्र आहे तसंच ते ऐकायचं पुस्तकही आहे. लेखिका तारखांच्या मागे धावत नाही. एखादं ध्वनिमुद्रण घेते, त्यात कोण कुणाला जागा देतो ते दाखवते, आणि तिथून त्या माणसाच्या आयुष्यात शिरते. तबल्याचे बोल आणि ड्रमची लिपी तिनं शेजारी शेजारी ठेवली आहे. ज्यांना एकच येते त्यांना दुसरी त्यातून उलगडेल. ज्यांना दोन्ही येत नाहीत त्यांनी ती पानं मोठ्यानं वाचावीत, तोंडातून बोल आला की हात आपोआप मांडीवर पडतो. तिनं जॅझचा संपूर्ण इतिहास सांगितलेला नाही, गुर्टूंचा प्रत्येक संचही घेतलेला नाही. काही ठिकाणी मला अजून हवं होतं, विशेषतः सिनेमाच्या स्टुडिओत राबलेल्या ड्रमवाल्यांबद्दल. ते स्वतंत्र पुस्तक होईल.

हस्तलिखित वाचून झालं त्या आठवड्यात मी फेस्टिव्हल हॉलचं ते ध्वनिमुद्रण आमच्या पाड्यावरच्या काठीवाल्या बाबांना ऐकवलं. ओटीवर बसलो होतो, फोन मध्ये ठेवलेला. मॅकलॉफ्लिन आणि गुर्टू तोंडानं बोल म्हणायला लागले तसे ते जरा पुढे सरकले. संपल्यावर मी वाट पाहत होतो, की ते ढोलाबद्दल काही विचारतील. त्यांनी विचारलं, त्याच्यासंगं दुसरा कोण आहे. गिटारवाला गोरा माणूस आहे, मी सांगितलं. त्यांनी मान डोलावली, ते पहिल्यापासून लावायला सांगितलं, आणि कुडाला टेकवलेली काठी उचलून मांडीवर आडवी घेतली.

साखरशेत, ता. जव्हार, जि. पालघर